येण्याजाण्याला संकेतांक नाही

नागपूरच्या विभागीय विषाणू प्रयोगशाळेतलं वाचकयंत्र तसं गुणी होतं. थेंबभर लाळ दिली की तिच्यातल्या झाडून सगळ्या विषाणूंची नावं-गावं ते चहा निवायच्या आत सांगायचं. त्याची अट एकच, आधी संकेतांक सांगा. कोणत्या लक्षणांसाठी कोणती चाचणी आरोग्यविमा मंडळाच्या खर्चाने करायची, हे ठरवणारा आकडा म्हणजे संकेतांक. आकडा बरोबर असला तर यंत्र तोंड उघडायचं, नसला तर नमुना जसाच्या तसा बाहेर. त्या सोमवारी सकाळपासून यंत्र एकामागून एक नमुने बाहेर टाकत होतं, आणि असं का होतंय ते पाहायला खुद्द मुख्य संकेतकार त्र्यंबकराव मोहरील वरच्या मजल्यावरून खाली उतरले होते.

खाली उतरणं त्यांच्या स्वभावात नव्हतं. मुळात कुठेही जाणं त्यांच्या स्वभावात नव्हतं, आणि कोणी आपल्याकडे आलेलं तर त्यांना मुळीच खपत नसे. धरमपेठेतल्या त्यांच्या घरावर पाटी होती, 'काम असल्यास कळवावे. काम नसल्यास येऊ नये.' बायको होती तोवर ती ही पाटी साडीच्या पदराआड लपवून पाहुण्यांना आत घ्यायची. ती गेली आणि पाटी मोकळी झाली. पण माणूस कामाचा पक्का. राज्यातल्या प्रत्येक विषाणूचाचणीचा संकेतांक त्यांनी स्वतः लिहिला होता, आणि त्यात मुंगी शिरेल एवढीही फट नाही असं ते छातीठोकपणे सांगत.

"हे कोणी लिहिलं?" त्यांनी पडद्यावर बोट ठेवलं. लक्षणांच्या रकान्यात होतं, 'रुग्ण सारखा लोकांकडे जातो.'

"मी लिहिलं," डॉ. सुनयना भोयर म्हणाल्या. त्या प्रयोगशाळेच्या प्रमुख. तोंडावर कायम मुखपट्टी, पण आवाज असा की मुखपट्टीनेच दचकावं.

"ताप?"

"नाही."

"खोकला?"

"नाही जी."

"नाक?"

"कोरडं ठणठणीत."

"मग हा रुग्ण कसा?"

"सर, तो सासुरवाडीला जाऊन आला. आपल्या मनानं. बायकोनं न सांगता! वरून सासऱ्याला म्हणे, 'चला, पत्ते खेळू.' ती बिचारी घाबरून त्याला सरळ इथं घेऊन आली."

त्र्यंबकरावांनी चष्मा काढून पुसला. असं काही ऐकलं की ते चष्मा पुसत, जणू चूक काचेची असावी.

"डॉक्टर, येणं-जाणं हे लक्षण होऊ शकत नाही."

"बसा तुम्ही," डॉ. भोयरनी त्यांच्यामागे स्टूल सरकवलं. "संशोधनासाठी मले मोजके नमुने बिनसंकेतांकाचे तपासता येतात. त्यात मी याची लाळ घालून पाहिली. विषाणू आहे. आणि नवा नाही, आपला जुनाच आहे, तापवाला. तुमचा पहिला संकेतांक आठवते?"

"ताप अधिक खोकला. न आठवायला काय झालं?"

"ताप-खोकला आला की चाचणी फुकट. विषाणू सापडला की पगारी रजा आणि घरातच विलगीकरण. लोक उड्या मारत आले चाचणीला! ज्या विषाणूनं ताप यायचा तो रजेवर जाऊन घरात अडकला आणि तिथंच संपला. पण त्याच्या भावंडांत एखादा असा होता की ज्यानं ताप येत नव्हता, नुसत्या शिंका यायच्या. तो राहिला मोकळा. बाजारात गेला, लग्नात जेवला, वाढला."

"म्हणून पुढच्या वर्षी मी शिंका घातल्या."

"आणि शिंका गेल्या. मग तुम्ही घसा घातला, घसा गेला. अंगदुखी घातली, अंगदुखी गेली."

"एकही फट ठेवली नाही मी," त्र्यंबकराव म्हणाले. त्यांच्या आवाजात अभिमान होता.

"तेच तर सांगून राहिली मी! विषाणूला अक्कल नसते, सर. तो काही ठरवत नाही. तुम्ही ज्याला धरता तो जातो, ज्याला धरत नाही तो उरतो. मेथी निवडावी तशी तुम्ही त्याची एकेक काडी काढून टाकली. आता असा उरला आहे की जो कुठलाच त्रास देत नाही. पण नुसता त्रास न देऊन भागत नाही ना, पसरायलाही पाहिजे. शिंक नाही, खोकला नाही, मग एकातून दुसऱ्यात जायचं कसं? जवळ बसून, गप्पा मारून, एका ताटात खाऊन. म्हणजे माणूस उठून दुसऱ्याच्या घरी गेला पाहिजे."

"विषाणू माणसाला उठवून पाठवतो? काहीतरीच!"

"पिसाळलेल्या कुत्र्याला चावायला कोण लावते? विषाणूच ना? तो चावायला लावते, हा भेटायला लावते. आपल्या मेंदूत एक जागा आहे, जिथं 'जाऊ दे, पुढच्या रविवारी बघू' हे तयार होते. हा तेवढी जागा बंद करते. बाकी माणूस ठणठणीत."

त्र्यंबकरावांनी चष्मा पुन्हा पुसला. मग म्हणाले, "म्हणजे हा विषाणू मी तयार केला, असं तुमचं म्हणणं."

"तयार नाही केला. शिकवला," डॉ. भोयर म्हणाल्या. "आता याला संकेतांक द्या. आज हा गरीब आहे, पण सगळं गाव एकमेकांच्या घरात बसलं आहे. उद्या याच वाटेनं एखादा खरा दुष्ट विषाणू आला तर? चाचणी सुरू करा. सापडला की नाकात फवारा, आठवडाभर घरी, की माणूस पहिल्यासारखा."

"करतो मसुदा," त्र्यंबकराव उठले. "पण 'सारखा' म्हणजे किती वेळा, आणि 'लोक' म्हणजे कोण, याची व्याख्या लागेल."

व्याख्या करायला ते आपल्या खोलीत गेले खरे, पण तोवर नागपूरनेच ती करायला घेतली होती. लोकांनी विषाणूचं नावही ठेवून टाकलं, पाहुण्या. महालातली माणसं प्रतापनगरात जाऊन बसली, प्रतापनगरातली सीताबर्डीला. साखर आणि चहापत्ती दुकानातून नाहीशी झाली. हॉटेलवाले माशा मारू लागले आणि मग कंटाळून तेही मेहुण्यांकडे गेले. वाटण्यांचे दावे लावून बसलेले भाऊ कोर्टात एकमेकांना डबे देऊ लागले, आणि वकिलांनी विमा मंडळाकडे तक्रार केली की ही साथ गंभीर आहे. घराघरात चादरी कमी पडल्या. ज्यांना पाहुण्या झाला नव्हता त्यांचे हाल कुत्रं खाईना, कारण जाणारे मजेत जात होते, पण चहा करणारे हेच होते.

त्र्यंबकराव हे सगळं खिडकीतून पाहत होते आणि मनाशी म्हणत होते, चला, आपण सुटलो. आपल्याकडे कोण येणार?

शनिवारी दुपारी शाल्मली आली.

शाल्मली म्हणजे त्यांची एकुलती एक लेक. राहायला मानेवाडा रस्त्याला, म्हणजे याच शहरात, पण तिचं लग्न झाल्यापासून बापलेकींनी एकमेकांचं घर पाहिलं नव्हतं. कारण सांगायलाही लाज वाटावी असं होतं. लग्नाच्या आमंत्रणांची यादी मुलाकडच्यांनी पाठवली, ती त्र्यंबकरावांनी विम्याचा दावा तपासावा तशी तपासली, आणि जावयाच्या गिरजाआत्याच्या नावापुढे लाल शाईने लिहिलं, 'नात्याचा पुरावा जोडलेला नाही.' आत्या म्हणजे शाल्मलीच्या सासऱ्यांची मावसबहीण. जावयाला लहानाचा मोठा तिनेच केला होता. ती लग्नाला आली नाही. शाल्मली अक्षता पडल्या तशी निघून गेली, आणि त्यानंतर फक्त दिवाळीला एक दिव्याचं चित्र पाठवायची. तेही तयार मिळतं तसलं.

"आत येऊ?" ती दारात उभी राहून म्हणाली. हातात पाटवडीचा डबा होता.

"काही काम होतं का?" त्यांच्या तोंडून निघून गेलं. आणि मग त्यांनाच स्वतःची इतकी चीड आली की त्यांनी तिच्या हातातला डबा जवळजवळ हिसकावूनच घेतला. "ये, ये. बस. चहा... चहापत्ती नाही. दूध पिशील?"

ती हसली. अगदी आईसारखी हसली. दूध प्याली, सगळ्या खोल्या हिंडली, आईच्या कपाटाला हात लावून उभी राहिली. त्र्यंबकराव तिच्या मागेमागे फिरत होते. तिने पाटवडी ताटात वाढली. इतक्या वर्षांत आपण किती एकटे होतो ते त्यांना तेव्हा कळलं, आणि म्हाताऱ्याचे डोळे भरून आले. पोरीने पाहिलं, पण पाहिलं नाही असं दाखवलं.

मंगळवारी ती परत आली. रविवारी आली तेव्हा तिच्याबरोबर एक ठेंगणीठुसकी, नऊवारीतली बाई होती. बाईने आत पाऊल टाकता टाकताच सांगितलं, "मी गिरजाआत्या. पुरावा आणला आहे," आणि बेसनाच्या लाडवांचा डबा टेबलावर आपटला. "माझ्या हातचा लाडू खाऊन तुमचे जावईबापू चालायला शिकले. चाखून पाहा आणि काय तो शेरा मारा."

त्र्यंबकरावांनी लाडू खाल्ला. "ग्राह्य," ते म्हणाले, आणि आत्या अशी खदखदून हसली की शेजारचे लोक डोकावून गेले. त्यांनाही पाहुण्या झालेला असल्यामुळे ते मग जेवायलाच थांबले.

पण झोपताना मनात नको तो विचार यायचाच. पोर आली ती आपल्यासाठी, की विषाणूसाठी? त्र्यंबकरावांनी आयुष्यभर एकच काम केलं होतं, लक्षणावरून कारण ठरवायचं. ते काम आता त्यांना सोडवेना. शेवटी त्यांनी तिलाच विचारलं. शाल्मलीने विनातक्रार लाळ दिली, आणि डॉ. भोयरनी दुसऱ्या दिवशी कळवलं की पाहुण्या आहे. भरपूर आहे.

"म्हणजे फवारा मारला की तू पहिल्यासारखी," त्र्यंबकराव तिला म्हणाले. "मग येशील?"

शाल्मली म्हणाली, "खोटं नाही बोलत, बाबा. माहीत नाही. यायचं तर तेव्हाही मनात असायचं. दर दिवाळीला साडी काढून ठेवायची मी. मग वाटायचं, जाऊन बोलायचं काय? तुम्ही विचारणार, काम काय काढलंस. मग राहून जायचं. या वेळी राहिलं नाही, एवढंच." मग तिने त्यांच्याकडे पाहिलं. "आणि तुम्हाला? तुम्हाला कधी वाटलं का यावंसं?"

"वाटलं."

"मग?"

"राहून गेलं," त्र्यंबकराव म्हणाले.

त्याच आठवड्यात मंडळाची बैठक लागली. मंडळाच्या बैठका कित्येक वर्षं पडद्यावरच व्हायच्या आणि अर्धे सदस्य आपापला पडदा काळा करून वामकुक्षी घ्यायचे. त्या दिवशी झाडून सगळे जातीने हजर होते, डबे घेऊन. अध्यक्ष वैरागडे मॅडमनी सांबारवडी आणली होती. त्र्यंबकरावांनी मसुदा वाचला, 'लक्षण: पूर्वी टाळलेल्या व्यक्तींच्या घरी, कामाशिवाय, आनंदाने जाणे.' व्याख्या नेहमीसारखी बिनतोड होती.

"काहून बंद करता, मोहरील?" वैरागडे मॅडम कळवळून म्हणाल्या. "माझी जाऊ माझं तोंड पाहत नव्हती. परवा घरी येऊन माझ्या डोक्याला तेल लावून गेली! असा विषाणू पुन्हा मिळणार आहे का?"

सगळ्यांनी माना डोलावल्या. एकमताने ठरलं की संकेतांक नको, आणि पुढची बैठक कोणाच्या घरी घ्यायची यावर मात्र भांडण झालं.

"हा ठराव चालणार नाही," कोपऱ्यातून डॉ. भोयर गरजल्या. "संसर्ग झालेल्या अधिकाऱ्याचा निर्णय ग्राह्य नाही, हा नियम आहे. मोहरील सरांनीच लिहिलेला. तुम्ही आत येताना मी सगळ्यांच्या लाळेचे नमुने घेऊन तपासले. तुम्हा सगळ्यांना पाहुण्या आहे."

सगळ्यांना याचा आनंदच झाला. पण नियम तो नियम. मंडळ बाद झालं की अधिकार मुख्य संकेतकाराकडे येतो, हेही मोहरीलांनीच लिहून ठेवलेलं होतं. म्हणजे आता सही करायची की नाही, ते एकट्या त्र्यंबकरावांच्या हातात आलं.

ते डॉ. भोयरबरोबर खाली प्रयोगशाळेत आले. मसुदा पडद्यावर होता, खाली सहीची जागा कोरी. त्र्यंबकराव स्टुलावर बसले आणि त्यांना चारी बाजूंनी विचार येऊ लागले. सही केली की उद्यापासून चाचण्या सुरू. शाल्मलीला फवारा. आठवड्याने ती घरी बरी होऊन बसेल, साडी काढून ठेवेल, आणि म्हणेल, पुढच्या रविवारी बघू. आत्याचा डबा यायचा थांबेल. सगळं गाव आपापल्या घरात, ठणठणीत.

"मी सही करणार नाही," ते म्हणाले.

"कारण?"

"कारण..." त्यांनी घसा साफ केला. "येण्याजाण्याला संकेतांक दिला, तर विषाणू येणं-जाणं सोडून देईल आणि तिसरंच काही धरील. ते काय असेल, कोणाला ठाऊक? त्यापेक्षा हा बरा."

"ते खरं आहे," डॉ. भोयर म्हणाल्या. "पण तुमचं कारण ते नाही."

"नाही," त्र्यंबकराव कबूल झाले. "माझी पोर घरी यायला लागली आहे, डॉक्टर. मला ते बंद करायचं नाही. बास."

डॉ. भोयरनी सुस्कारा सोडला. "वाटलंच मले. सर, तुम्हालाही झाला आहे. तुमचाही निर्णय बाद. मग हे प्रकरण मुंबईला जाईल आणि तिथं कोणीतरी कोरडा माणूस सही करून टाकेल. द्या लाळ."

खरं सांगायचं तर त्र्यंबकरावांना हायसं वाटलं. चला, झाला असेल तर झाला. मग हा आपला दुबळेपणा नव्हे, रोग आहे. जन्मभर नियमाने चाललेल्या माणसाने नियम मोडला नाही, विषाणूने मोडला. त्यांनी मोठ्या उत्साहाने नळीत लाळ दिली आणि यंत्रापुढे परीक्षेचा निकाल पाहावा तसे उभे राहिले. यंत्राने थोडा वेळ घुरघुर केली आणि चिठ्ठी बाहेर काढली.

पाहुण्या नव्हता. बाकी कुठलाही विषाणू नव्हता. साठी ओलांडलेल्या माणसाच्या मानाने लाळ अगदी स्वच्छ होती.

"असं कसं?" त्र्यंबकराव म्हणाले. "पुन्हा करा."

डॉ. भोयरनी पुन्हा केली. मग नळी बदलून केली. निकाल तोच. पोर आणि आत्या त्यांच्या ताटात जेवून गेल्या होत्या, शेजारी त्यांच्या गळ्यात पडून गेले होते, आणि तरी पाहुण्याने म्हाताऱ्याला स्पर्श केला नव्हता. निर्णय पूर्णपणे शुद्धीवरचा होता आणि नियमाप्रमाणे ग्राह्य होता. त्र्यंबकरावांनी खाली मान घातली, मसुद्यावर 'नामंजूर' लिहिलं आणि त्याखाली पूर्ण नावाने सही केली. अक्षर नेहमीसारखं वळणदारच आलं.

डॉ. भोयर स्टुलावर बसल्या. मुखपट्टीच्या वर त्यांचे डोळे मोठे झाले होते.

"आता ध्यानात आलं मले," त्या हळूच म्हणाल्या. इतक्या हळू बोलताना त्यांना कोणी ऐकलं नव्हतं. "सर, मी समजत होती, हा लपून जगते. ज्याला झाला आहे त्याच्या मेंदूत शिरून त्याला वाकवते. पण मेथी निवडता निवडता शेवटी कोण उरणार? ज्याची कोणी तक्रारच करणार नाही, तो. त्याला संकेतांकापासून वाचायला संकेतकाराच्या अंगात शिरायची गरजच नाही. तुमच्या पोरीत शिरला, तेवढं पुरलं."

"म्हणजे मी हरलो?"

"आपण सगळेच हरलो. आता हा जात नाही."

त्र्यंबकरावांनी यावर थोडा विचार केला. त्यांना वाईट वाटायला हवं होतं, पण काही केल्या वाटेना. त्यांनी डॉ. भोयरकडे नीट पाहिलं. कित्येक वर्षं ही बाई आपल्याच इमारतीत खाली काम करते, आणि ती राहते कुठे, घरी कोण असतं, हे आपण कधी विचारलं नाही. संध्याकाळ झाली होती. शाल्मली आणि आत्या येऊन पाटवडीचा रस्सा टाकून बसल्या असतील.

"डॉक्टर," ते म्हणाले, "काम काही नाही. पण आज जेवायला घरी चला."

डॉ. भोयर दचकल्या. त्यांनी टेबलावरची चिठ्ठी उचलली, उजेडात धरली आणि वरपासून खालपर्यंत पुन्हा एकदा वाचली. निकाल स्वच्छच होता.